नारिंगी पट्टी

बाळापूरहून गुलाबराव काळमेघांनी फोन लावला होता तो बायकोच्या विसरभोळेपणाविषयी. एसटीत तीस वर्षं चालक म्हणून काढलेला माणूस, बोलणं मोजकं आणि मुद्द्याचं. बायको दूध गॅसवर ठेवून विसरते, एकच गोष्ट दहादा विचारते, यावर मेंदूचे काही व्यायाम असतात का, एवढंच त्यांना हवं होतं. अकोल्याच्या त्या छोट्या रेडिओ केंद्रात काचेपलीकडे यंत्रं सांभाळणाऱ्या दिगंबर म्हैसन्यांनी पडद्याकडे बोट केलं. मानसशास्त्रात डॉक्टरेट केलेल्या आणि तिथला सल्ल्याचा कार्यक्रम चालवणाऱ्या विशाखा तायडेनं समोरच्या पडद्याकडे पाहिलं. पडद्याच्या तळाशी बोटभर रुंदीची एक पट्टी होती. एरवी ती हिरवी असे. गुलाबराव बोलू लागले तशी ती पिवळी झाली होती, आणि आता नारिंगीकडे झुकत होती.

विशाखानं विसरभोळेपणाबद्दल सांगायचं ते सगळं नीट सांगितलं. मग म्हणाली, "काका, हे झालं काकूंचं. तुमचं कसं चाललंय?"

"माझं काय. बरं आहे."

"झोप लागते?"

फोनवरून उत्तर आलं नाही. रेडिओवर पाच सेकंदांची शांतता म्हणजे फार मोठी. दिगंबरभाऊंचा हात गाण्याच्या बटणाकडे गेला. विशाखानं मान हलवून त्यांना थांबवलं. अकरा सेकंदांनी गुलाबरावांचा आवाज आला.

"नाही लागत ताई. सहा महिने झाले. सकाळी वावरात जातो अन् विहिरीच्या काठावर उभा राह्यतो. काहून उभा राह्यतो ते मलेच समजत नाही."

त्या दिवशीचा कार्यक्रम तिथेच थांबवून दिगंबरभाऊंनी गाणी लावली आणि विशाखा आतल्या फोनवर पाऊण तास गुलाबरावांशी बोलत राहिली. तासाभरात जिल्हा रुग्णालयातला समुपदेशक त्यांच्या घरी पोहोचला. गुलाबराव वाचले. त्यांच्यासारखे पुढच्या दोन वर्षांत दोनशेहून अधिक लोक त्या पट्टीमुळे वेळेवर सापडले, आणि अकोला, बुलढाणा, अमरावती या तिन्ही जिल्ह्यांत 'मोकळं बोला' हा कार्यक्रम आणि 'विशाखाताई' हे नाव घराघरांत गेलं.

त्या पट्टीमागे जे होतं त्याला 'कानोसा' म्हणत. नागपूरच्या एका स्वरविज्ञान संस्थेत डॉ. ऋजुता पाटणकर यांनी नऊ वर्षं खपून ही आज्ञावली तयार केली होती. त्यांचं म्हणणं साधं होतं. माणूस बोलतो तेव्हा छातीचे, गळ्याचे, जिभेचे, ओठांचे असे शंभरएक स्नायू एकाच वेळी कामाला लागतात. मन खचलं की मेंदूकडून या स्नायूंना जाणारे हुकूम किंचित सैलावतात. स्वरतंतूंची थरथर बिघडते, आवाजाचा चढउतार आकसतो, दोन शब्दांमधली जागा लांबते, वाक्य संपेपर्यंत श्वास पुरत नाही. हे फरक इतके बारीक असतात की बोलणाऱ्याला ते कळत नाहीत आणि ऐकणाऱ्याच्या कानालाही सहसा जाणवत नाहीत. कानोसा ते मोजत असे. शब्द कोणते, भाषा कोणती, याच्याशी त्याला घेणंदेणं नव्हतं, त्यामुळे वऱ्हाडी काय किंवा कोरकू काय, त्याला सारखीच.

"हा तापमापक आहे," पाटणकर मॅडम बजावून सांगत. "ताप आहे एवढं सांगतो. कशानं आलाय ते सांगत नाही."

आणखी एक गोष्ट त्या सांगत. अनोळखी आवाजाच्या बाबतीत कानोसा दहातून तीनदा चुकायचा. पण एकच आवाज दोन महिने रोज ऐकला की त्या माणसाचं नेहमीचं बोलणं त्याला ठाऊक होई, आणि मग तो क्वचितच चुके. म्हणूनच २०३९ साली संस्थेनं कानोसा साध्या फोनमध्ये आणायचं ठरवलं. आपल्या घरचे, आपले मित्र आपल्याशी रोज बोलतात. त्यांच्या आवाजात काही बिघडलं तर आपल्या फोनवर पट्टीचा रंग बदलेल.

हे लोकांपर्यंत पोहोचवायचं काम विशाखानं आनंदानं अंगावर घेतलं. रेडिओवर, वर्तमानपत्रातल्या तिच्या सदरात, बचत गटांच्या मेळाव्यांत ती एकच गोष्ट सांगत असे. "आपण रोज विचारतो, बरी आहेस ना? उत्तर येतं, हो. आणि आपण फोन ठेवतो. आता त्या 'हो'च्या मागचं ऐका." हे वाक्य दवाखान्यांच्या भिंतींवर लागलं. कानोसा पहिल्यांदा तिनं घातला तो मूर्तिजापूरला राहणाऱ्या आपल्या आईच्या फोनमध्ये. पंचफुलाबाईंचं आयुष्य जिनिंगमध्ये कापूस निवडण्यात गेलं होतं. अक्षरओळख पन्नाशीनंतर रात्रशाळेत झालेली. विशाखानं लग्न केलं नव्हतं, त्यामुळे रोज संध्याकाळी मायशी बोलायचं, हाच तिचा संसार होता.

"माय, आता मी कशी आहे ते तुले दिसंन," ती म्हणाली होती.

"दिसाले कायले पाह्यजे? तू सांगतच असते," पंचफुलाबाई म्हणाल्या, पण लेकीनं दिलं म्हणून त्यांनी ते ठेवून घेतलं.

पहिलं वर्ष छान गेलं. पट्टी पाहून पुण्यातली पोरं गावी आईबापांकडे धावली, भांडलेले भाऊ एकमेकांच्या दारात आले. आभाराची पत्रं इतकी यायची की दिगंबरभाऊंनी त्यांच्यासाठी केंद्रात एक पेटारा ठेवला. दुसऱ्या वर्षी मात्र कार्यक्रमाचे फोन कमी व्हायला लागले. दिवसाला चाळीस यायचे, ते वीसवर आले, मग नऊवर. त्याऐवजी लेखी निरोप वाढले.

"लोक बरे झाले म्हणायचं का?" दिगंबरभाऊंनी एकदा विचारलं.

"तसं असलं तर चांगलंच आहे," विशाखा म्हणाली. पण तसं नव्हतं, आणि ते कळायला तिला दूर जायची गरज नव्हती.

त्या हिवाळ्यापासून तिचं स्वतःचं काहीतरी बिनसलं होतं. सकाळी उठून आंघोळीला जायचं म्हणजे गड चढायचा. जेवणाला चव नाही, वाचलेलं डोक्यात शिरत नाही. माइकसमोर पस्तीस मिनिटं ती नेहमीची विशाखाताई असे. माइक बंद झाला की खुर्चीतून उठावंसं वाटत नसे. हे काय आहे ते तिला नावानिशी माहीत होतं. दुसऱ्या कोणी सांगितलं असतं तर तिनं त्याच दिवशी त्याला डॉक्टरकडे धाडलं असतं. पण काही घडलं नव्हतं, कोणी गेलं नव्हतं, काही कारणच नव्हतं, आणि याचीच तिला लाज वाटत होती.

एका संध्याकाळी मूर्तिजापूरला फोन लावायला म्हणून तिनं हात पुढे केला आणि तिला पट्टी आठवली. मायला दिसेल. माय घाबरेल. तिनं फोन लावला नाही. 'आज काम आहे. जेवून घे. मी बरी आहे,' असा निरोप लिहून पाठवला. दुसऱ्या दिवशीही तसंच. आठवड्यानं तिला त्याची सवय झाली. मधून मायचा फोन आला की ती उचलत नसे, आणि मग लिहीत असे, 'बैठकीत होते.'

असे अडीच महिने गेले.

फेब्रुवारीतल्या एका दुपारी केंद्राच्या दारातल्या बाकावर एक तिशीची बाई पिशवी मांडीवर घेऊन बसलेली विशाखाला दिसली. नाव कांचन बोदडे, दर्यापूरची. फोन न करता दीड तासाचा प्रवास करून आली होती.

"मी भांडाले नाही आली ताई," ती आधीच म्हणाली. "फक्त सांगाचं होतं. फोनवर सांगता येत नव्हतं."

तिची धाकटी बहीण वर्षा अंजनगावात दिलेली होती. पाच महिन्यांपूर्वी तिला मुलगी झाली. बाळंतपणानंतर वर्षाचं मन उतरलं. रडू यायचं, बाळाकडे पाहून काहीच वाटायचं नाही. सासरे विशाखाताईंचा कार्यक्रम रोज ऐकणारे. घरातल्या सगळ्या फोनमध्ये त्यांनी कानोसा घेतलेला. सुनेचा आवाज नारिंगी झाला तसे ते हादरले. माणसं वाईट नव्हती. पण त्यांनी चार नातेवाइकांना विचारलं, आणि चाराचे चाळीस झाले. बाळाला हिच्याजवळ एकटं ठेवू नका, असं कोणी म्हणालं. शेवटी आरामाला म्हणून वर्षाला दर्यापूरला माहेरी आणून सोडलं आणि बाळ आजीजवळ ठेवून घेतलं.

"रोज संध्याकाळी सासूबाईंचा फोन येतो," कांचन म्हणाली. "वर्षाले बोलाले लावतात अन् पट्टी पाह्यतात. हिरवी झाली की नेतो म्हणतात. आता तुम्हीच सांगा, लेकरू तिकडं, अन् असं रोज परीक्षेले बसवल्यावर कोणाची पट्टी हिरवी होईन? आठ हप्ते झाले, ती बोलतच नाही. कोणाशीच नाही. पाटीवर लिहून दाखवते."

विशाखानं पाणी पुढे केलं. कांचननं ते घेतलं.

"तुम्ही चांगल्यासाठीच सांगतलं असंन ताई. पण हे असं झालं."

दुसऱ्याच दिवशी विशाखा दर्यापूरला गेली. घरात शिरताना तिनं आपला फोन कांचनच्या हातात दिला. कांचननं घरातले सगळे फोन गोळा करून पिठाच्या रिकाम्या डब्यात घातले आणि डबा मागच्या अंगणात नेऊन ठेवला. वर्षा ओसरीवर बसून लसूण सोलत होती. बावीस-तेवीस वर्षांची पोर, डोळ्यांखाली काळं. तिनं मान वर केली आणि पुन्हा खाली घातली.

विशाखा तिच्याशेजारी बसली आणि सुपातला एक गड्डा उचलून सोलू लागली. अर्धा तास दोघी लसूण सोलत राहिल्या. धीर देणारी सगळी वाक्यं विशाखाला पाठ होती. वीस वर्षं ती तीच बोलत आली होती. त्यातलं एकही तिच्या तोंडावर येईना. आलं ते वेगळंच.

"मीसुद्धा अडीच महिने माझ्या मायशी बोलले नाही, वर्षा. तिच्या फोनमध्ये कानोसा आहे. मीच घालून दिला. मला बरं वाटत नाही. सकाळी उठवत नाही. तिला ते दिसू नये म्हणून मी लिहून पाठवते."

वर्षाचे हात थांबले. तिनं विशाखाकडे पाहिलं. मग तिनं घसा खाकरला. आठ आठवडे न वापरलेला आवाज घोगरा झाला होता.

"तुमच्या मायले वाचता येते?"

विशाखानं हातातला गड्डा सुपात ठेवला. "येतं. अक्षराला अक्षर लावून."

"मंग तिले किती वेळ लागत असंन," वर्षा म्हणाली.

स्वयंपाकघराच्या दारात कांचन तोंडावर पदर धरून उभी होती. विशाखाच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं आणि थांबेना. वर्षानं लसणाचे हात पदराला पुसले आणि तिच्या पाठीवर हात ठेवला. "जा तुम्ही," ती म्हणाली. "आज जा. मी इथंच आहो."

दर्यापूरहून अकोल्याला येताना मूर्तिजापूर वाटेवरच लागतं. उन्हं उतरायच्या आत विशाखा आईच्या दारात होती. पंचफुलाबाई अंगणात खाटेवर बसून तुरीच्या दाण्यातले खडे काढत होत्या. लेकीला पाहून त्यांनी सूप बाजूला ठेवलं. "काय वं, निरोप न देता?" एवढंच म्हणाल्या आणि सरकून जागा करून दिली.

विशाखा बसली. तिनं आईचा फोन हातात घेतला. तिचे निरोप एकाखाली एक तिथे होते. अडीच महिन्यांत एकही पुसलेला नव्हता.

"वाचले तू हे?"

"वाचले त. एक एक वाचाले अर्धा घंटा लागे. बाजूची मंदा म्हणे, मी वाचून देतो. म्या म्हटलं, नको. पोरीनं मले लिहिलं, दुसऱ्यानं कायले वाचाचं?" पंचफुलाबाईंनी सूप पुन्हा मांडीवर घेतलं. "पण तू बरी नव्हती, मले माहीत होतं. तू फोन करे तवाच पट्टी नारिंगी होत जाये."

"मग विचारलं काहून नाही माय?"

म्हातारीनं सुपातला एक खडा काढून टाकला. "मले भेव वाटलं. हे यंत्र सांगते म्हणजे काही मोठं असंन. अन् तू डॉक्टर. म्या म्हटलं, तिले माहीतच असंन, तिचं ती पाह्यीन. पहिले तुया आवाज जरासा उतरला का मी लगेच इचारे, जेवली का, कोणी बोललं का. त्या पट्टीनं मी इचारणंच सोडलं. चुकलं माह्यं."

"तुझं नाही चुकलं," विशाखा म्हणाली, आणि मग तिनं सगळं सांगितलं. हिवाळ्यापासूनचं, आंघोळीचं, जेवणाचं, काही कारण नाही त्याच्या लाजेचं. पंचफुलाबाईंनी मधे एकदाही अडवलं नाही. सांगून झाल्यावर त्या म्हणाल्या, "तापाले कारण लागत नाही, मंग याले कायले लागते?" आणि भाकरी टाकायला उठल्या.

विशाखा चार दिवस तिथेच राहिली. पाचव्या दिवशी पंचफुलाबाई तिच्याबरोबर अमरावतीला मनोविकारतज्ज्ञाकडे गेल्या आणि बाहेरच्या खुर्चीवर हातात पिशवी धरून बसून राहिल्या. डॉक्टरांनी गोळ्या दिल्या, दर आठवड्याला यायला सांगितलं. विशाखानं आपल्या शेकडो श्रोत्यांना जे सांगितलं होतं ते सगळं निमूटपणे केलं.

त्याच आठवड्यात ती वर्षाला घेऊन अंजनगावला गेली. सासऱ्यांनी ओट्यावर सतरंजी अंथरली, चहा आला. रेडिओवरची विशाखाताई दारात आली म्हणून त्यांना संकोचल्यासारखं झालं होतं.

"तुमच्या सांगण्यावरूनच केलं ताई आम्ही," ते म्हणाले.

"माहीत आहे. म्हणूनच आले. माझं सांगणं अपुरं होतं," विशाखा म्हणाली. "बाळंतपणानंतर कितीतरी बायकांचं मन असं उतरतं. उपचारानं बरं होतं. तिला डॉक्टर हवा, झोप हवी, आणि हातात बाळ हवं. तुम्ही जवळ राहा, मदत करा. पण रोज रंग पाहून तिला तोलू नका."

सासूबाई इतका वेळ दाराआड उभ्या होत्या. त्या आत गेल्या आणि बाळाला आणून वर्षाच्या मांडीवर ठेवलं. "मले वाटलं, मी लेकराले सांभाळून राह्यली," त्या हळूच म्हणाल्या. वर्षानं बाळाची टोपी नीट केली. काही बोलली नाही, पण त्या दिवशी तिला कोणी बोलायला लावलंही नाही.

नंतरची लढाई नागपूरची होती. विशाखानं पाटणकर मॅडमसमोर सगळं मांडलं. रेडिओवर येणाऱ्या प्रत्येकाला आपण आधी विचारत होतो, तुमचा आवाज यंत्रही ऐकतंय, चालेल का? फोनमध्ये ते विचारणंच राहून गेलं. मोजला जाणारा आवाज एकाचा, आणि पट्टी दिसणार दुसऱ्याला. ते उलटं करा, तिचं मागणं होतं. ज्याचा आवाज, त्यालाच पट्टी दिसू दे. दुसऱ्या कोणाला कळवायचं की नाही, ते त्याचं तो ठरवेल.

"संस्थेचं मंडळ ऐकणार नाही," पाटणकर मॅडम म्हणाल्या. "लोकांना दुसऱ्यांचं जाणून घ्यायचं असतं. स्वतःचं कोण पाहतं?"

"मी पाहिलं नाही, हे खरं," विशाखा म्हणाली. "पण पाहायला मिळालंही नव्हतं. माझ्या आईला मिळालं."

मंडळानं दोन महिने मागितले. त्या दोन महिन्यांत विशाखानं कार्यक्रमात सगळं सांगून टाकायचं ठरवलं. दिगंबरभाऊंना धास्ती होती. स्वतःच आजारी असलेल्या बाईचं लोक ऐकतील का, असं त्यांनी सरळच विचारलं. "नाही ऐकलं तर माझ्या जागी दुसरं कोणी बसवा," ती म्हणाली. "पण आजचा दिवस माझा."

त्या सकाळी अकरा वाजता तिनं नमस्कार केला आणि काचेपलीकडच्या दिगंबरभाऊंकडे न पाहता बोलायला सुरुवात केली. आपला हिवाळा सांगितला. मायला पाठवलेले निरोप सांगितले. पट्टी ज्याची त्यालाच दिसावी, ही नागपूरला केलेली मागणी सांगितली. नाव न घेता एका मुलीबद्दल सांगितलं, जिनं स्वतः गळ्यापर्यंत दुःखात असताना दुसरीच्या आईची आठवण ठेवली. "तिनं मला एकच प्रश्न विचारला, आणि मी वाचले," ती म्हणाली. "मी वीस वर्षं लोकांना मदत घ्या म्हणून सांगते आहे. मदत घेतल्यावर कसं वाटतं, ते मला आता कळलं. त्या मुलीची, माझ्या मायची आणि अमरावतीच्या डॉक्टरांची मी ऋणी आहे. आणि ज्या घरांत माझ्या सांगण्यानं कोणाचं बोलणं बंद झालं असेल, त्यांची माफी मागते."

तिनं बोलणं थांबवलं. पडद्यावर फोनांचे दिवे एकामागून एक पेटत गेले. त्या दिवशी एकसष्ट फोन आले, आणि सगळे गोड नव्हते. अकोटहून एक कापड दुकानदार बोलले, राठी म्हणून.

"ताई, माझा मुलगा इंदूरला शिकतो. त्याची पट्टी नारिंगी झाली म्हणून मी गाडी काढून तसाच गेलो. दार तोडून आत शिरलो. आज तो आहे. तुमच्या नव्या पद्धतीत मला काहीच कळलं नसतं. मग?"

"खरं आहे भाऊ," ती म्हणाली. "तुम्ही गेलात म्हणून तो वाचला, आणि पट्टी नसती तर कदाचित गेला नसतात. याला माझ्याकडे पुरं उत्तर नाही. एवढंच विचारते, आता तुमचा मुलगा तुमच्याशी फोनवर बोलतो का?"

"लिहितो," राठी म्हणाले. "लिहितोच फक्त."

"त्याला विचारून पाहा. पट्टी ठेवू की काढू, असं. तो म्हणेल तसं करा. त्यानं 'ठेवा' म्हटलं तर ती त्यानं दिलेली असेल."

आठवड्यानं राठींचा पुन्हा फोन आला. मुलगा 'ठेवा' म्हणाला होता. पण आईच्या फोनमध्ये नको, तिला झोप लागत नाही, फक्त बाबांच्यात. हे ऐकवताना राठींना हसू येत होतं. विशाखानं ती ध्वनिफीत जशीच्या तशी नागपूरला पाठवली, आणि पाटणकर मॅडमनी ती मंडळापुढे वाजवली. ठराव एका मताच्या फरकानं मंजूर झाला. बाहेरच्या देशांतल्या काही कंपन्या अजूनही दुसऱ्याचा आवाज मोजून विकतात. त्यांना कोणी थांबवू शकलं नाही. पण इथल्या फोनांत कानोसा उलटा झाला. आपला आवाज आपल्यालाच दिसू लागला, आणि त्याखाली प्रश्न येऊ लागला: कोणाला कळवायचं?

'मोकळं बोला'चे फोन हळूहळू पुन्हा वाढले. चाळीसवर नाही पोहोचले, पण तिशीत राहिले. वर्षा बरी व्हायला सहा महिने लागले. दिवाळीच्या आधी तिनं कार्यक्रमाला फोन केला, आणि बाळंतपणानंतरच्या दिवसांबद्दल स्वतःचं नाव सांगून बोलली. सासूबाई शेजारी बसल्या होत्या, मधूनच बाळाला गप्प करण्याचा त्यांचा आवाज येत होता. कार्यक्रम संपल्यावर विशाखानं आतल्या फोनवर तिचे आभार मानले. "मी काही केलं नाही ताई," वर्षा म्हणाली. विशाखानं वाद घातला नाही.

पुढच्या उन्हाळ्यात डॉक्टरांनी गोळ्या कमी केल्या होत्या. सगळे दिवस सारखे नसत. मे महिन्यातल्या एका दुपारी, घरात पंख्याखाली बसून दिगंबरभाऊंशी बोलून फोन ठेवताना, विशाखाला आपल्या फोनवर पट्टी दिसली. फिकट पिवळी होती, काठाला किंचित नारिंगी. खाली प्रश्न होता आणि त्याखाली मायचं नाव. तिनं 'नको' दाबलं आणि मूर्तिजापूरचा नंबर स्वतः लावला.

"जेवली का?" पंचफुलाबाईंनी विचारलं.

"जेवले. पण माय, आज बरं नाही वाटून राह्यलं."

पलीकडे काहीतरी विस्तवावर होतं. ते उतरवून ठेवल्याचा आवाज आला. मग पाट ओढल्याचा.

"थांब, बसू दे मले," माय म्हणाली. "हं. सांग आता."